दगडाचे वरिष्ठ

क्योतो शहरात केतकी साबळे मराठी पर्यटकांना जुन्या गल्ल्यांतून पायी फिरवायची. एकदा तिच्या गटात जिल्हा परिषदेचे अध्यक्ष रावसाहेब भोईटे आले. एका मंदिराच्या बागेत, पायवाटेवर काळ्या दोरीने बांधलेला नारळाएवढा दगड ठेवला होता.

"याचा अर्थ, इथून पुढे जायचं नाही," केतकी म्हणाली. "माझ्या गटातलं कोणी गेलं तर माझा परवाना जाईल."

"एवढासा दगड मला अडवणार? आमच्याकडे पोलीससुद्धा मला बघून बाजूला होतात."

रावसाहेबांनी दगडाला आपलं कार्ड दाखवलं. दगड हलला नाही. त्यांनी त्याला गडचिरोलीला बदलीची धमकी दिली. तरीही तो हलेना, तेव्हा दगड ओलांडायला पाय उचलून ते म्हणाले, "याचे वरिष्ठ कोण? त्यांना बोलवा, नाहीतर मी चाललो पुढे."

केतकीने झाडांमागच्या उंच डोंगराकडे अदबीने हात केला.

"ते काय, समोर बसलेत, साहेब. भेटायला वेळ घ्यावी लागत नाही. फक्त ते खाली येत नाहीत, आपल्यालाच चढून जावं लागतं. तीन तास."

रावसाहेबांनी डोंगर पाहिला, गुडघा चाचपला आणि पाय मागे घेतला.

"राहू दे," ते दगडाला म्हणाले. "तुझ्या कामावर आम्ही समाधानी आहोत."