सार्थवाह आणि समुद्राचा डंख

पूर्वी सागरपट्टण नावाच्या बंदरावर अरिंजय राजाचा अंमल असताना बोधिसत्त्वाने तिथल्या एका सार्थवाहाच्या, म्हणजे व्यापारी तांड्याच्या नायकाच्या, घरी जन्म घेतला होता. वडिलांमागे व्यापार त्याच्याकडे आला. त्याच बंदरातला वरुणदत्त नावाचा व्यापारी त्याचा द्वेष करी. बोधिसत्त्वाचे जहाज बुडावे म्हणून त्याने एकदा तळाच्या फळ्या सैल करविल्या होत्या. बंदरात हे सर्वांना ठाऊक होते.

एका सकाळी बोधिसत्त्वाचे जहाज द्वीपांकडे निघण्याच्या बेतात होते. हंगामाचा शेवटचा अनुकूल वारा वाहत होता. एवढ्यात उथळ पाण्यात न्हाणारा वरुणदत्त किंचाळला आणि कसाबसा किनाऱ्यावर येऊन कोसळला. त्याच्या छातीला, मांड्यांना निळसर धागे चिकटले होते. ज्याला आपण जेलीफिश म्हणतो, त्या पारदर्शक जीवाचे ते विषारी धागे.

लोक वाळूने त्याचे अंग घासू लागले. त्याची पत्नी इरावती विहिरीच्या पाण्याची घागर घेऊन आली.

बोधिसत्त्व जहाजाकडे नेणाऱ्या होडीतून उडी टाकून धावला. "घासू नका! गोडं पाणीही ओतू नका. धाग्यांत अजून विष आहे, ते अंगात उतरेल."

इरावतीने घागर ठेवली आणि शेजारच्या कोळ्याच्या कमरेचा सुरा उपसला. "दूर व्हा. हे जगावेत असं तुम्हाला कशाला वाटेल?"

"वैर यांनी धरलं, बाई. मी नाही. माझ्या हातून वाईट झालं, तर सुरा आहेच तुमच्याकडे."

तिने सुरा खाली केला नाही, पण त्याला अडवलेही नाही.

त्याने समुद्राचे पाणी ओतले. काटक्यांच्या चिमटीत धरून एकेक धागा उचलला. मग खारे पाणीच तापवून घेतले, आपला हात बुडवून ते सोसवते का पाहिले, आणि त्यात भिजवलेली फडकी वळांवर ठेवली. वरुणदत्त ओरडला. सुऱ्याचे टोक बोधिसत्त्वाच्या मानेला टेकले. फडके निवाले तसे त्याने दुसरे ठेवले.

वरुणदत्ताचा श्वास अडखळू लागला. बोधिसत्त्वाने त्याला उठवून आपल्या छातीशी टेकवून बसवले.

"नायक!" जहाजावरून हाक आली. "आता निघालो नाही, तर हंगाम गेला!"

"जाऊ दे," तो वळून न पाहता म्हणाला.

वारा पडला. शीड लोंबू लागले. सगळ्यांचे कान त्या एका श्वासाकडे लागले होते. दुपार कलली तेव्हा कुठे तो संथ झाला. वरुणदत्ताने डोळे उघडले, आपण कुणाच्या आधाराने बसलो आहोत ते पाहिले आणि मान वळवली.

इरावतीच्या हातातून सुरा वाळूत पडला. "यांना... प्यायला पाणी देऊ?" तिने विचारले.

"द्या," बोधिसत्त्व म्हणाला. "प्यायला गोडंच द्या."

ही पूर्वजन्मीची कथा तथागत बुद्धांनी भिक्षूंना सांगितली. मग म्हणाले, "भिक्षूंनो, गावोगावी माझी निंदा करीत हिंडणारा तो परिव्राजक त्या वेळी वरुणदत्त होता. तुमच्या पात्रात रोज भात वाढणारी ही उपासिका इरावती होती, आणि तो सार्थवाह मीच होतो. समोरचा वैर सोडो वा न सोडो, आपण त्याचे हितच पाहावे. यालाच मैत्री म्हणतात."