अकरा चोऱ्या आणि चूलबंद आमंत्रण

डोंगराच्या पायथ्याशी वसलेल्या एका नगरात एक कारकून होता. चावडीत बसून तो लोकांच्या तक्रारी लिहून घेई. तक्रारीचा माणूस मंगल कार्यात नको, अशी तिथली समजूत होती. त्यामुळे लग्नामुंजीचे आमंत्रण त्याला कधीच येत नसे. ज्यांचे काही हरवले आहे, तेच काय ते त्याच्याशी दोन शब्द बोलत.

त्या वर्षी नगरात अकरा चोऱ्या झाल्या. तांब्याची घागर, पितळेची परात, असे काहीबाही जाई. शिपाई रात्रभर गस्त घालत, पण हाती कोणी लागत नसे. शेवटी कोतवालाने एका कल्हईवाल्याला धरून आणले.

"मालक, मी भांडी चमकवतो, पळवत नाही!" तो हात जोडून रडत होता.

"परगावचा माणूस, त्यात भांड्यांचा धंदा. आणखी काय पाहिजे?" कोतवाल म्हणाला. "कारकून, लिहा याचं नाव. उद्या दवंडी पिटून याला वेशीबाहेर काढू."

कारकुनाने लेखणी उचलली नाही. "कोतवालसाहेब, एक दिवस द्या. सगळ्या तक्रारी एकत्र वाचून बघतो."

"वाचून चोर सापडतो होय?" शिपाई हसले. "मग आम्ही उगाच पायपीट करतोय!"

कारकुनाने अकराही तक्रारी शेजारी शेजारी मांडल्या. आजवर त्या एकेक करून लिहिल्या होत्या. एकत्र कोणी वाचल्याच नव्हत्या. वाचता वाचता तो थबकला. प्रत्येक तक्रारीत एक वाक्य होते, 'आम्ही सगळे जेवायला गेलो होतो.'

त्या नगरात कार्य निघाले, की जवळच्या घरांना चूलबंद आमंत्रण असे. म्हणजे घरातल्या सगळ्यांनी जेवायला यायचे, त्या दिवशी घरी चूल पेटवायची नाही. भर दुपारी ज्या छपरातून धूर निघत नाही ते घर रिकामे, हे चोराला लांबूनही कळत असणार.

दुसऱ्या दिवशी कारकून म्हणाला, "साहेब, पहारा रात्रीचा आणि चोऱ्या दुपारच्या. कल्हईवाला फक्त बुधवारी येतो. अकरांपैकी दोनच चोऱ्या बुधवारच्या आहेत."

"मग चोर कोण? नाव सांगा."

"ते या कागदांतून कळत नाही. कोणत्या दिवशी आणि कोणत्या घरी चोरी होईल, तेवढं कळतं."

कोतवाल चिडला. "बरं. तुमच्या शब्दावर याला सोडतो. पण आता एक वाटी जरी गेली, तरी याच्याऐवजी तुम्ही वेशीबाहेर!"

कारकुनाने कल्हईवाल्याकडे पाहिले. "चालेल," तो म्हणाला.

मग त्याच्या सांगण्यावरून चूलबंदच्या दिवशी दुपारी शिपाई गल्लीच्या तोंडाशी बसू लागले. घरोघरी एक माणूस मागे राहून चूल पेटवू लागला.

बायका कुरकुरल्या, "अहो, चूलबंदला चूल पेटवायची? यजमानांचा अपमान नाही का तो?"

"स्वयंपाक करू नका. नुसतं पाणी तापवा," कारकून म्हणाला. "मागे राहिलेल्याचं ताट यजमान घरी पाठवतील."

लगीनसराई आली आणि गेली. एक वाटीसुद्धा हलली नाही. चोरही सापडला नाही. कोणी म्हणाले, चोर मेला असेल. कोणी म्हणाले, देवाची कृपा. कल्हईवाला पूर्वीसारखा दर बुधवारी गल्लीत हाळी देऊ लागला. आपल्यासाठी कोणी काय पणाला लावले होते, हे रडण्याच्या भरात त्याच्या लक्षातही आले नव्हते.

कारकुनाकडे आता कोणीच येत नसे. दिवस दिवस कोणाचा आवाज कानी पडत नसे.

एके दिवशी एक म्हातारी चावडीच्या पायऱ्या चढून आली. कारकुनाने लगबगीने दौत पुढे ओढली. "काय गेलं, आजी?"

"काही नाही रे बाबा. ऊन फार झालं, जरा सावलीला टेकते."

ती घटकाभर बसली. नातवाच्या लग्नात चार दिवस घर उघडे होते तरी सुतळीचा तोडासुद्धा गेला नाही, असे कौतुकाने सांगत राहिली. आमंत्रण त्याला नव्हते, हे तिच्या ध्यानातही नव्हते. तो मान डोलावत ऐकत राहिला. मग ती उठून गेली.

कारकुनाने वही उघडली, तारीख घातली आणि स्वच्छ अक्षरात लिहिले, 'आज तक्रार नाही.'

तात्पर्य एवढेच, की संशयावरून कोणाचे नाव घेण्यापेक्षा नीट विचार करून संकट येण्याआधीच थांबवणे मोठे काम आहे. जे घडलेच नाही त्याचे आभार मानायला कोणी येत नाही. तरीही ते काम करावे.