वरच्या पंचमाची जागा

एकदा एक वृद्ध गवई आयुष्यातली शेवटची चीज बांधत होते. शेवटची, हे त्यांना पक्के ठाऊक होते. वैद्याने नाडी पाहून नुसतीच मान हलवली होती. लोक त्यांना बुवा म्हणत. जवळ एकच शिष्य उरला होता, दामोदर.

चीज मोठी देखणी होती, पण तिचा अंतरा थेट वरच्या सप्तकातल्या पंचमाला जाऊन भिडे. आणि बुवांचा गळा तर पार थकलेला! रोज सकाळी त्या जागी आवाज फाटे, खोकल्याची उबळ येई, डोळ्यांत पाणी उभे राही. दामोदराचा गळा तरणाबांड. पण गुरूच्या वर स्वर न्यायचा नाही, ही त्याची शिस्त. बुवा अडले की तोही अदबीने तिथेच थांबे.

असे वर्ष सरत आले. दामोदराला ते बघवेना. एके दिवशी बुवा येऊन बसायच्या आत त्याने तंबोऱ्याच्या खुंट्या सैल केल्या आणि पट्टी हळूच उतरवली. तेवढेच बुवांचे हाल वाचतील, असे त्याला वाटले. पण कान कुणाचा! पहिल्याच झंकाराला बुवांनी डोळे उघडले, आणि तारा पुन्हा चढवल्या.

दामोदराला रडू फुटले. "बुवा, कशाला हा अट्टहास? ती जागा खाली घ्या ना थोडी! तुमचीच चीज, ती तुम्हालाच गाता येऊ नये?"

"वेडा रे वेडा," बुवा म्हणाले. "माझ्या गळ्याच्या बेताने बांधली, तर ती माझ्याबरोबरच सरणावर जाईल. तुझ्या गळ्यासाठी बांधलीय मी. वर्षभर तिथे माझा आवाज फाटतोय, आणि तू आपला आदराने गप्प बसतोस! मी गेल्यावर गाशील, हे मला माहीत आहे. पण मग ऐकायला मी असेन का?"

दामोदराने डोळे पुसले, षड्ज लावला. अंतऱ्यात ती जागा आली. बुवा अडले. तो थांबला नाही. स्वर वर गेला आणि पंचमावर स्थिर झाला.

बुवा मागे भिंतीला टेकले.

"अशी आहे होय ती," ते हळूच म्हणाले. "मनात होती. कानांनी आजच ऐकली."

त्याच पंधरवड्यात बुवा गेले. दामोदर पुढे खूप गायला, नावारूपाला आला. ती चीज मात्र गाऊन झाली की तो तंबोरा खाली ठेवून गप्प बसे. ती जागा बुवांना रोज सकाळी ऐकवता आली असती. त्याने ती एकदाच ऐकवली होती.