पाटाच्या तोंडाशी आडवा झालेला रोहित

पूर्वी हिमवंताच्या पायथ्याशी वेत्रनगरीत भद्रसेन राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्वाने राजवाड्याच्या तळ्यात रोहित माशाचा जन्म घेतला होता. तळ्यात तोच सर्वांत वडील. राजाला माशांचा फार लळा. रोज सकाळी पायरीवर बसून तो स्वतःच्या हाताने लाह्या टाकी आणि या म्हाताऱ्याला 'रोहितबाबा' अशी हाक मारी. राण्या गालातल्या गालात हसत; पण हौसेला मोल नसते.

एका वर्षी उन्हाळा कडक पडला. वाळ्याचे पडदे लावूनही राजाला चैन पडेना. त्याच्या मनात आले, मला एवढी काहिली, तर माझ्या लेकरांचे काय होत असेल! बिचारा खरोखरच कळवळला. डोंगरावरच्या बर्फाच्या पाण्याचा एक पाट बागेपर्यंत येत असे. भर दुपारी राजाने त्याचे दार पुरते उघडायला लावले आणि ते गार पाणी धो धो तळ्यात आले.

मोठे मासे आनंदाने उड्या मारू लागले. बोधिसत्त्वाच्याही जुन्या हाडांना बरे वाटले, हे सांगायलाच हवे. राजाने टाळ्या पिटल्या. "पाहा, कशी खूश झालीत माझी बाळं! आता रोज दुपारी असंच सोडा."

पण खरी बाळे पायऱ्यांजवळच्या उथळ, उन्हाने कोमट झालेल्या पाण्यात होती. नुकतीच अंड्यातून निघालेली, जवाच्या दाण्याएवढी. त्यांच्या अंगावर एकाएकी गारठा कोसळला. काही गरगर फिरली, काही कुशीवर कलंडली, काहींना शेपूट हलवण्याचेही त्राण उरले नाही. बगळ्यांना शोधावे लागले नाही. ते नुसते वेचत होते. संध्याकाळी बोधिसत्त्व उरलेल्या पिल्लांजवळ गेला. ती जगली होती, पण तोंडापुढचे शेवाळही खात नव्हती. त्याचे काळीज हलले. आणखी एक दुपार यांना सोसणार नव्हती.

एक जाडजूड मासा म्हणाला, "बाबा, पिल्लं काय, दरवर्षी होतात. असा गारवा पुन्हा कधी मिळायचा?"

"तुला गारवा मिळाला, आणि ती मेली," बोधिसत्त्व म्हणाला.

दुसऱ्या दुपारी दार उघडण्याआधीच तो पाटाच्या तोंडाशी, दगडी खोबणीत आडवा जाऊन बसला. दार उघडले. पाण्याचा लोट अंगावर आला, खवले सोलून निघाले, एक पर फाटला. पण तो हलला नाही. त्याच्या पाठीवरून आणि पोटाखालून पाणी बारीक धारेने झिरपत राहिले. त्या गार पाण्याला तळ्यात मिसळायला अवकाश मिळाला आणि पिल्ले पायरीशी पोहत राहिली.

पाणी का येत नाही म्हणून राजाने वाकून पाहिले. "अरे, माझा रोहितबाबा अडकला!" असे ओरडत तो रेशमी वस्त्रांसकट, तापलेल्या पायरीवरून थेट पाटात उतरला. "आई गं!" त्याचा श्वासच कोंडला, दातांवर दात आपटू लागले. तशातही त्याने आधी दोन्ही हातांनी माशाला सावरले आणि मगच दार बंद करायला सांगितले.

बोधिसत्त्व म्हणाला, "महाराज, मी अडकलो नव्हतो. तुम्ही एवढे धिप्पाड, तरी तुमचा श्वास कोंडला. काल हेच पाणी तुम्ही पिल्लांवर सोडलंत. निम्मी गेली."

राजाचा चेहरा उतरला. "मी तर मायेपोटी केलं रे, बाबा."

"ते ठाऊक आहे मला. म्हणून तर रागावलो नाही, नुसता आडवा आलो. धाकट्या राजपुत्राला दाई न्हाऊ घालते, तेव्हा आधी काय करते?"

राजा आठवू लागला. "पाण्यात कोपर बुडवून बघते. मग गार पाण्याचं थोडंथोडं विसण घालते."

"मग आम्हालाही तशी एक दाई द्या की."

राजा पायरीवर बसून लहान मुलासारखा रडला. पुढे त्याने तो पाट बागेतून वळणे देत, उन्हातून आणला आणि दार बोटभरच उघडायचे ठरवले. दाई रोज पाटाच्या पाण्यात कोपर बुडवून मान डोलवी, तेव्हाच नवे पाणी आत येई. पाऊसकाळ सरेपर्यंत पिल्ले वीतभर झाली आणि राजाच्या हातातल्या लाह्या हिसकावून नेऊ लागली.

शास्त्यांनी ही गोष्ट विहारात सांगितली ती स्थविर भद्रकांसाठी. नव्याने आलेले कोवळे श्रामणेर लवकर खंबीर व्हावेत, म्हणून ते त्यांना पहिल्याच दिवशी नदीच्या गार पाण्यात उभे करीत, आणि त्यांतला एक तापाने फणफणला होता. शास्ते म्हणाले, "तेव्हाचा राजा म्हणजे हा आपला भद्रक. तेव्हाची दाई म्हणजे या आजारी मुलाच्या उशाशी बसलेली उपासिका सोमदत्ता. तो रोहित मीच होतो. पाणी दुसऱ्याच्या अंगाला कसे लागेल हे आधी पाहणे, यालाच मैत्री म्हणतात."

स्थविरांनी मान खाली घातली. मग ते उठले, मुलाचे अंग पुसायला पाणी घेऊन आले, आणि आधी त्यात त्यांनी आपले कोपर बुडवले.