अर्ज एकाचाच

“मग जामीन द्यायचा की नाकारायचा? एवढंच सांगा, तात्या.”

तात्या भिजवलेले वाल सोलत होते. त्यांनी मान वर केली नाही.

एके काळी ते सत्र न्यायाधीश होते. निवृत्त झाले आणि खाडीकाठच्या या लहानशा मठात येऊन राहिले. समोर खुर्चीवर बसलेला मकरंद तळवणेकर त्यांच्या हाताखाली कायदा शिकला होता. आता तोही सत्र न्यायाधीश होता. त्याचा एकही आदेश वरच्या कोर्टात फिरला नव्हता, आणि हे तो कुणाला विसरू देत नसे.

“नावं नको,” तात्या म्हणाले. “प्रकरण सांग.”

“खुनाचं. बांधावरून भांडण, कोयत्याचा वार. पाहणारी एकटी मयताची बायको. आरोपी वर्षभर तुरुंगात, खटला अजून उभाच राहिलेला नाही. वेळ तिन्हीसांजेची, ओळखण्यात चूक झालेली असू शकते.”

“तो कसा आहे?”

“पंचविशीतला. नोकरी गेली. आई दर तारखेला कोर्टाच्या पायरीवर येऊन बसते. तुरुंगात दोनदा कावीळ झाली...”

“आणि ती बाई?”

“ती फिर्यादी. मुख्य साक्षीदार.”

“ते तिचं काम झालं. ती कशी आहे?”

मकरंद खुर्चीत सावरून बसला.

“सरकारी वकील म्हणाले, साक्षीदारावर दबाव येईल. पण ते प्रत्येक अर्जात हेच म्हणतात, तात्या.”

“तिला कुणी विचारलं?”

“कायद्यानं तिला म्हणणं मांडता येतं. ती आली नाही.”

“का आली नाही?”

मकरंद उठला. चहा न घेताच निघाला. त्याला राग आला होता, आणि तो तात्यांवरचा नव्हता.

पुढच्या तारखेला त्यानं त्या बाईला पोलिसांच्या गाडीतून आणवलं. सुनावणी बंद दालनात घेतली, दोन्ही बाजूंच्या वकिलांसमोर. बाई भिंतीला टेकून उभी राहिली. बसा म्हटलं तरी बसली नाही.

“आरोपीला सोडलं तर तुम्हाला भीती वाटते?”

“तो आतच आहे, साहेब. त्याचे भाऊ बाहेर आहेत.”

“ते धमकावतात?”

“नाही. काहीच बोलत नाहीत. रोज संध्याकाळी दारासमोर मोटारसायकल थांबवतात. इंजिन चालू ठेवून बसतात. मग जातात.”

“तक्रार का नाही केलीत?”

“काय सांगू? बोललेच नाहीत तर काय सांगू?”

तिनं पदर सावरला. मुलीला बहिणीकडे पाठवलंय, म्हणाली. किराणा शेजारीण आणून देते, तीसुद्धा मागच्या खिडकीतून.

“तुम्ही घराबाहेर कधीपासून पडला नाहीत?”

बाईनं थोडा विचार केला.

“आज पडले,” ती म्हणाली.

आरोपीचा वकील कागदाकडे पाहत राहिला.

मकरंदनं आदेश राखून ठेवला. दुसऱ्या दिवशी सकाळीच तो मठात आला. या वेळी तो खुर्चीवर बसला नाही, तात्यांसमोर जमिनीवर बसला. घडलं ते सगळं त्यानं सांगितलं.

“वर्षभर मला वाटत होतं, तो आत आहे म्हणजे ती सुरक्षित आहे. नाकारला तरी तिची सुटका नाही. दिला तर तिचं काय होईल, सांगता येत नाही. आणि तो निर्दोष असेल तर त्याचं वर्ष मी कुठून परत आणू? कायद्याची सगळी कलमं मला पाठ आहेत, तात्या. एकही उपयोगाचं वाटत नाही.”

तात्यांनी हात पुसले.

“तो कुठं आहे?”

“तुरुंगात.”

“ती?”

“घरी... आतून कडी लावून.”

तात्यांनी दोन बोटं वर केली, आणि त्यातलं एक हळूच मिटलं.

“कोंडलेले दोघं आहेत, मकरंद. तुझ्यापुढं अर्ज एकाचाच आलाय.”