न विचारलेला प्रश्न

फार जुन्या काळची गोष्ट. उंच डोंगरांच्या कुशीत एक राज्य होते आणि त्या राज्याच्या अगदी टोकाला एक तळे होते. वर्षातले तीन महिने ते तळे असे गोठत असे की त्यावरून भरलेल्या बैलगाड्या खुशाल जात. तळ्याच्या एका काठाला वरगाव, दुसऱ्या काठाला खालगाव. उन्हाळ्यात दोन्ही गावे कुरणावरून भांडत. हिवाळ्यात मात्र खेळत.

खेळ असा होता. बर्फावर गेरूने एक मोठे वर्तुळ काढायचे. त्याला म्हणायचे घर. घराच्या मधोमध काळा ठिपका असे, ती चूल. शंभर पावलांवरून घासूनपुसून गुळगुळीत केलेला जड धोंडा बर्फावरून असा सोडायचा की तो सरकत सरकत घरात यावा आणि चुलीजवळ विसावावा. ज्या गावाचा धोंडा चुलीला सर्वांत जवळ, त्याचा डाव.

धोंडा सोडणाऱ्याचे नाव सगळ्यांच्या तोंडी असे. पण त्या धोंड्यापुढे खराटा घेऊन चालणारा आणखी एक जण असे. त्याने खराटा जोरात घासला की बर्फ किंचित ओलावे आणि धोंडा चार हात अधिक जाई. त्याने हात आखडला की धोंडा लवकर थकून थांबे. धोंडा सोडणारा दुरून ओरडे, “घास!” किंवा “पुरे!” आणि खराटेकरी त्याप्रमाणे करी. त्याने एकच पथ्य पाळायचे होते. चालत्या धोंड्याला खराटा लागता कामा नये.

या खेळाला पंच नव्हता. एकदा देशाचा राजा खेळ पाहायला आला. त्याने विचारले, “न्याय कोण करतो?” तेव्हा खालगावची एक म्हातारी म्हणाली, “महाराज, ज्याच्या हातून चूक होते तोच. त्याच्याइतकं जवळून दुसऱ्या कुणी पाहिलेलं असतं?” राजाने सोबत एक पंच आणला होता. हे ऐकून त्याने त्याला परत पाठवले.

म्हणून तिथे एक रीत पडली होती. प्रत्येक धोंडा थांबला की तो सोडणारा आपल्याच खराटेकऱ्याला विचारी, “वाट निर्मळ?” खराटेकरी म्हणे, “निर्मळ.” आणि खराटा लागलाच असेल, तर शब्दही न बोलता तो डोक्यावर आडवा धरी. मग त्या धोंड्याचे काय करायचे ते समोरचे गाव ठरवी. ही कथा सांगणारे कुणी धोंड्याचा रंग तांबडा सांगतात, कुणी निळा, खेळाडूही कधी चार तर कधी आठ होतात. पण तो प्रश्न आणि तो आडवा खराटा यांत कोणीही कधी फरक केलेला नाही. ज्या भागाला धक्का लावायला सांगणाऱ्याचाही हात कचरतो, तोच गोष्टीचा कणा असतो.

वरगावचा खराटेकरी होता सटवा. पन्नाशीला टेकलेला, अबोल, पण खोऱ्यात त्याच्यासारखा बर्फ ओळखणारा दुसरा नव्हता. धोंडा हातातून सुटताच तो कुठे थांबेल हे सटवा सांगे आणि धोंडा तिथेच थांबे. वीस वर्षे तो एकाच माणसाच्या धोंड्यापुढे चालला होता. ते म्हणजे वरगावचे म्होरके, भिकोबातात्या.

तात्या चाळीस हिवाळे खेळले होते. खेळात जिंकणाऱ्या गावाला पूर्वजांनी घडवलेला थोरला धोंडा वर्षभर आपल्या चावडीत ठेवायचा मान मिळे. चाळीस वर्षांत तो वरगावात एकदाही आला नव्हता. दर साली वरगावकर रंगीत लोकरीने सजवलेली घसरगाडी घेऊन येत, आणि दर साली ती रिकामीच परत जाई. आता तात्यांच्या डोळ्यांवर पडदा आला होता. समोरचे घर त्यांना धुक्यासारखे दिसे. ते धोंड्याच्या घरघरीवर कान ठेवून खेळत. हा आपला शेवटचा हिवाळा, असे त्यांनी गावाला सांगून टाकले होते.

त्या दिवशी खेळाआधी दोन्ही गावांनी एकमेकांचे हात हातात घेतले. खालगावची म्होरकी होती बायजा, धिप्पाड आणि तोंडाने फटकळ. ती म्हणाली, “काय तात्या, यंदाही गाडी आणलीत? दर वर्षी तिला हवापालट करून नेता होय!”

“यंदा वजन सोसेल का ते बघायला आणलीय, बायजे,” तात्या म्हणाले. “तू तेवढी दोरी मजबूत आहे का बघून घे.”

सारे हसले. मग खेळ सुरू झाला आणि हसू थांबले. तरी एक गोष्ट खेळभर टिकली. समोरच्याचा धोंडा चुकला की कुणी टाळी वाजवली नाही. चांगला पडला की मात्र दोन्ही काठांवरून “वाहवा!” उठे. हरायला आलेल्या माणसाने जिंकणाऱ्याला दाद द्यावी, हे शिकायला इतर राज्यांतून लोक येत, पाहत, आणि हे आपल्याला जमायचे नाही म्हणून परत जात.

दिवस कलला तेव्हा दोन्ही गावांची बरोबरी झाली होती आणि शेवटचा धोंडा उरला होता. तो तात्यांचा होता. बायजाचा धोंडा चुलीपासून एका वितीवर बसला होता. त्याहून जवळ जायचे होते.

तात्यांनी बर्फावर गुडघा टेकला, क्षणभर डोळे मिटले आणि धोंडा सोडला.

सटवाने पाहिले. फेक देखणी होती. इतकी नेमकी फेक त्याने वीस वर्षांत पाहिली नव्हती. “घास!” तात्या ओरडले. सटवा वाकून घासू लागला. धोंडा घरघरत, किंचित वळत, घराकडे निघाला. “घास, घास… पुरे!”

सटवाने ते ऐकले. पण त्याला वाटले, कमी पडला तर? आज कमी पडून कसे चालेल? त्याने आणखी चार वेळा खराटा ओढला. तेवढ्याने धोंड्याला नको तो जोर आला. सटवाच्या ते लक्षात आले. आता हा चूल ओलांडून पुढे जाणार. तो घाईने खराटा मागे घेऊ लागला, आणि धोंड्याचे पोट खराट्याच्या काड्यांना लागले. मनगटाला हलकासा हिसका बसला. धोंडा निमिषभर अडखळला, पुढे सरकला आणि चुलीपासून दोन बोटांवर थांबला.

वरगावच्या काठावर जल्लोष फुटला. “आला रे आला! थोरला धोंडा आला!” पोरे घसरगाडीला लटकली, बायकांनी लोकरीचे गोंडे उधळले. बायजा घरापलीकडे उभी होती. सटवाची पाठ आडवी आल्यामुळे तिला काही दिसले नव्हते. काठावरून तर दिसणे शक्यच नव्हते. तिने मान लववली आणि हात पुढे करून ती तात्यांची वाट पाहू लागली.

तात्या शंभर पावले चाचपडत आले. वाकून त्यांनी धोंड्यावर हात ठेवला. मग चुलीवर बोट ठेवून मोजले. एक, दोन.

“दोन बोटं, सटवा,” ते म्हणाले. “दोनच बोटं रे.”

सटवा आता प्रश्नाची वाट पाहत होता. तात्या विचारतील, “वाट निर्मळ?” आणि मग काय ते होईल. पण तात्यांनी विचारले नाही. ते धोंड्यावर हात ठेवून तसेच उभे राहिले. सटवाला आधी हायसे वाटले. विचारलेच नाही, तर खोटे बोलायचा प्रश्नच नाही. नुसते गप्प राहायचे. धोंडा जागेवर, गाडी तयार, आणि हा म्हातारा चाळीस वर्षांनी हसत घरी जाणार.

पण हायसे वाटले ते दोन श्वासांपुरतेच. तिसऱ्या श्वासाला सटवाला खराटा जड झाला. इतका जड, की तो हातात धरवेना. तेव्हा त्याने तो वर उचलला आणि डोक्यावर आडवा धरला.

आधी बायजाने पाहिला, मग काठाने. गोंडे उधळणारे हात हवेतच राहिले. कुणीतरी कळवळून ओरडले, “अरे सटवा, तुला कुणी विचारलं होतं का?”

“नव्हतं विचारलं,” सटवा म्हणाला. “तात्या, तुमची फेक बरोबर होती. तुम्ही पुरे म्हणालात, मी थांबलो नाही. धोंड्याला जोर जास्त झाला, आणि मग खराटा लागून तो इथं थांबला. चूक दोनदा झाली, दोन्हीदा माझी.”

आता निवाडा बायजाचा होता. रीतीप्रमाणे तिने धोंडा उचलून बाहेर ठेवला असता, तरी कुणी नाव ठेवले नसते. आहे तिथे राहू दिला असता, तर दिलदार म्हणून तिची गाणी झाली असती. बायजा धोंड्याजवळ येऊन वाकली. मग म्हणाली, “हा धोंडा काढून टाकला तर तात्यांच्या फेकीवर अन्याय. ठेवला तर माझ्या गावावर. खराटा लागला नसता तर जिथं थांबला असता, तिथंच तो ठेवायचा. आणि ती जागा या खोऱ्यात एकाच माणसाला ठाऊक आहे. सटवा, तू बोट ठेव.”

“बायजाबाई, मी? मी तर वरगावचा.”

“मघाशी खराटा उचलताना कुठल्या गावचा होतास? ठेव बोट.”

सटवा बर्फावर पालथा पडला. गाल टेकवून त्याने धोंड्याची वाट नजरेने पुन्हा मोजली. मग सरपटत चूल ओलांडून गेला आणि पलीकडे एके जागी बोट टेकले. बायजाने धोंडा तिथे सरकवला आणि मोजले. चुलीपासून एक वीत आणि दोन बोटे.

वरगाव दोन बोटांनी हरले.

संध्याकाळी रीतीप्रमाणे जिंकणाऱ्यांनी हरणाऱ्यांना जेवू घातले. शेकोटीशेजारी दोन्ही गावांचे खराटे एकमेकांना टेकवून उभे केले होते. थोरल्या धोंड्याला नव्याने गेरू लावला होता. खालगावच्या बायका वरगावकरांच्या पानात तूप वाढत होत्या, पण वरगावकर मान खाली घालून जेवत होते. सटवा एकटाच दूर बसला होता. काठी टेकत तात्या त्याच्याजवळ आले.

“जेवलास?”

“घास उतरत नाही, तात्या.”

“मी पुरे म्हटलं ते ऐकलं होतंस?”

“ऐकलं होतं. पण वाटलं, तुमच्यासाठी…”

“माझ्यासाठी!” तात्या हसले, पण ते हसू लगेच विझले. ते खाली बसले आणि हळू आवाजात म्हणाले, “सटवा, धोंड्याची घरघर मधेच तुटली होती. डोळे गेले, कान गेले नाहीत. मला तिथंच कळलं.”

सटवाने मान वर केली.

“चाळीस वर्षं मी प्रत्येक धोंड्यानंतर विचारलं, वाट निर्मळ? आज विचारलं नाही. उत्तर ठाऊक होतं म्हणून विचारलं नाही. तू गप्प राहिला असतास तर मीही राहिलो असतो. आणि उद्यापासून चावडीत त्या धोंड्याशेजारी बसायची माझी छाती झाली नसती.” त्यांनी सटवाचा हात हातात घेतला. “तुझ्या एकट्याच्या हातात खराटा होता, पण तू उचललास तो दोघांसाठी. ऊठ. बायजाची भाकरी गार झाली तर ती धोंड्यापेक्षा कडक होते.”

“ऐकलं मी!” पलीकडून बायजा ओरडली.

परतताना तात्या दमले होते. म्हणून त्यांना घसरगाडीत बसवले आणि दोरीला दोन्ही गावांनी हात लावले. चाळीस वर्षांत पहिल्यांदा गाडी रिकामी गेली नाही.

पुढच्या उन्हाळ्यात डोंगराचा कडा सुटला आणि दोन्ही गावांच्या कुरणांमधला शिवेचा दगड वाहून खाली आला. तो मुळात कुठे होता यावरून काठ्या निघाल्या. राजाचे कारभारी तीनदा येऊन गेले. त्यांचा निवाडा वरगावाने मानला तर खालगावाने झिडकारला, खालगावाने मानला तर वरगावाने. अखेर खालगावच्याच चावडीत बायजा उठली आणि म्हणाली, “दगड पुन्हा कुठं ठेवायचा ते न विचारता खराटा उचलणाऱ्या त्या माणसाला विचारा.”

सटवा आला. उतारावर पालथा पडला, घसरणीची वाट नजरेने मोजली आणि चढून जाऊन एके जागी बोट ठेवले. खालगावाने ‘का’ म्हणून विचारले नाही आणि वरगावाने ‘आमचा असून असं कसं’ म्हणून हटकले नाही. दगड तिथे बसला, तो कायमचा.

ज्या माणसाने एकदा स्वतःविरुद्ध दोन बोटे मोजली, त्याच्या एका बोटावर दोन गावे निर्धास्त राहिली. त्याने थोरला धोंडा कधी जिंकला की नाही, हे कथा सांगत नाही. सांगायची तिला गरजही वाटलेली नाही.

बोध असा: न विचारलेल्या प्रश्नाचेही जो खरे उत्तर देतो, त्याच्याच शब्दावर जग विसंबते.