अर्धी दाढी

अक्षरन् अक्षर खरं सांगतो. त्या सकाळी मी लिंबाजीच्या सलूनमधल्या बाकावरच बसलो होतो. बरं, बसलो नव्हतो. पण तो बाक माझ्या चांगल्या ओळखीचा आहे.

“बाबा, उद्या याल ना? नव्या दुकानाला तुमची दुवा पाहिजे,” लिंबाजी म्हणाला. तकियात, फकिरांच्या मठीत, राहणाऱ्या नूरबाबांच्या पायाशी तो बारा वर्षं बसत आलेला.

“फीत कोण कापणार?”

“भागूदादा!” लिंबाजीची छाती फुगली. “जामिनावर सुटलेत. अहो, फोटो काढायला पोरं गाड्या करून येतात. माझ्याकडे रोज दहा जण दादांसारखी मिशी मागतात.”

बाबा खुर्चीत बसले. उजव्या गालावर बोट ठेवलं.

“या बाजूला भागूदादा कर.”

लिंबाजीनं भिंतीवरच्या दादांच्या फोटोकडे पाहिलंसुद्धा नाही. कल्ला तिरका, मिशीचं टोक वर. चार मिनिटांत अर्धा भागूदादा आरशात हजर.

“हात बसलाय तुझा.” बाबांनी तोंड फिरवलं. “आता या बाजूला, त्यानं भर बाजारात ज्याला ठार मारलं, तो.”

“हणमंत सायकलवाला?”

“तुझंच गिऱ्हाईक ना?”

“अकरा वर्षं...”

लिंबाजीनं साबण लावला. वस्तरा उचलला. वस्तरा तसाच राहिला.

“बाबा... त्याला मिशी होती का हो?”

“त्याची बायको मागच्याच गल्लीत राहते. विचारून ये. मी बसतो.”

लिंबाजी गेला. तिच्या दारात उभं राहून विचारलं. परत आला तो रडतच, आणि आधी फोटो उतरवला.

आता कबूल करतो. लिंबाजी गेला, रडला, फोटो उतरवला, हे सगळं मी रचलं. खरं म्हणजे त्यानं साबण पुसायला बाबांपुढे टॉवेल धरला. बाबांनी तो घेतला नाही. तसेच उठून गेले.

दुसऱ्या दिवशी फीत भागूदादानंच कापली. शिट्ट्या, फटाके, हार. गर्दीच्या कडेला बाबा उभे. एका गालावर भागूदादा, दुसऱ्यावर वाळून पापुद्रे धरलेला साबण. पोरं त्यांचेही फोटो काढत होती.

लिंबाजी धावत आला.

“बाबा, लोक हसतायत हो. आत चला. दोन्हीकडे सारखी करून देतो.”

“थांब,” बाबा म्हणाले. “एक माणूस यायचाय अजून.”